काचेच्या खोलीबाहेरचा माणूस

५ डिसेंबर १९५६, बुधवारची रात्र. न्यू यॉर्कमधल्या एनबीसीच्या स्टुडिओत दोन ध्वनिरोधक काचेच्या खोल्या उभ्या आहेत. दोन्हींत एकेक माणूस उभा आहे, कानांवर जाडजूड हेडफोन. एकाचं नाव हर्बर्ट स्टेम्पेल. वय २९, युद्धानंतर लष्करातून बाहेर पडलेला, आता सिटी कॉलेजचा विद्यार्थी. अंगात ढगळ सूट, केस कानांच्या वर बारीक कापलेले. दुसऱ्या खोलीत चार्ल्स व्हॅन डोरेन. कोलंबिया विद्यापीठात इंग्रजी शिकवणारा, उंच, देखणा. वडील मार्क व्हॅन डोरेन हे पुलित्झर मिळालेले कवी. कार्यक्रमाचं नाव ‘ट्वेंटी-वन’.

स्टेम्पेलला प्रश्न येतो: १९५५ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर कोणत्या चित्रपटाला मिळालं? उत्तर आहे ‘मार्टी’. ब्राँक्समधल्या एका साध्यासुध्या, एकट्या खाटकाची ती गोष्ट. स्टेम्पेलही ब्राँक्समध्येच वाढलेला. हा त्याचा जीव की प्राण असलेला चित्रपट, त्याने तो तीनदा पाहिला होता. तो कपाळावरचा घाम टिपतो, ओठ चावतो, आठवल्यासारखं करतो. मग म्हणतो, ‘ऑन द वॉटरफ्रंट’. ते चूक असतं, कारण तो आदल्या वर्षीचा विजेता. लाखो लोक घराघरांत हळहळतात.

प्रश्न काय येणार, उत्तर चुकवायचं, घाम कसा टिपायचा, सगळं स्टेम्पेलला आधीच सांगून ठेवलेलं होतं. सांगणारा माणूस कॅमेऱ्यापुढे येत नसे. तो डॅन एनराइट, कार्यक्रमाचा निर्माता.

टीव्हीवरच्या प्रश्नमंजूषेचा इतिहास सांगताना आपण सूत्रसंचालकांची नावं घेतो, जिंकणाऱ्यांची घेतो. निर्मात्याचं नाव आपल्या तोंडी नसतं. पण खेळ तो रचतो. नियम तो ठरवतो, हजारोंतून स्पर्धक तो निवडतो, प्रश्न कोणी लिहायचे आणि ते कोणाच्या कपाटात राहायचे हे त्याच्या हाती असतं. पैसे देणाऱ्या कंपनीला उत्तरही त्यालाच द्यावं लागतं. या धंद्याचं सगळं सामर्थ्य आणि सगळा मोह एकाच माणसाच्या कारकिर्दीत पाहायचा असेल, तर मला एनराइटइतकं दुसरं उदाहरण सापडत नाही.

एनराइट हा मुळात रेडिओचा माणूस. न्यू यॉर्कच्या डब्ल्यूओआर केंद्रावर त्याची जॅक बॅरी या निवेदकाशी गाठ पडली आणि दोघांनी भागीदारी केली. १९४६ मध्ये त्यांनी ‘जुव्हेनाइल ज्युरी’ काढलं. त्यात लहान मुलं अडचणींवर सल्ला देत. १९५३ मध्ये आलं ‘विंकी डिंक अँड यू’, आणि इथे या जोडगोळीची कल्पकता दिसते. पन्नास सेंटला एक संच मिळायचा: पारदर्शक प्लास्टिकचा कागद आणि रंगीत खडू. मुलांनी तो कागद टीव्हीच्या काचेवर चिकटवायचा. विंकी डिंक नदीकाठी अडला की मुलांनी काचेवर पूल काढायचा, आणि तो पुढे जायचा. ज्यांच्याकडे संच नव्हता त्या मुलांनी थेट काचेवर रेघोट्या मारल्या, हा आईबापांचा वैताग वेगळा. प्रेक्षकाने नुसतं बघत बसू नये, आपण खेळात आहोत असं त्याला वाटलं पाहिजे, हे या दोघांना फार लवकर उमगलं होतं. पुढच्या दहा वर्षांत जे घडलं त्याची बीजं याच उमजेत आहेत, म्हणून हा तपशील मला महत्त्वाचा वाटतो.

मग मोठ्या पैशांचा काळ आला. १९५४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की रेडिओ-टीव्हीवरचे बक्षिसांचे कार्यक्रम म्हणजे लॉटरी नव्हे. कायद्याची भीती गेली आणि बक्षिसांचे आकडे फुगले. ७ जून १९५५ ला सीबीएसवर ‘द ६४,००० डॉलर क्वेश्चन’ सुरू झाला. निर्माता लुई कोवन, प्रायोजक रेव्हलॉन ही प्रसाधनांची कंपनी. मंगळवारी रात्री रस्ते ओस पडू लागले आणि रेव्हलॉनची काही प्रसाधनं दुकानांतून संपली. त्या काळी कार्यक्रमावर सत्ता वाहिनीची कमी आणि प्रायोजकाची जास्त असे. रेव्हलॉनचे मालक दर आठवड्याला बैठक घेत, कोणता स्पर्धक लोकांना आवडतो आणि कोणाला आता घरी पाठवावं याची चर्चा करत. निर्माते त्याबरहुकूम प्रश्न सोपे किंवा अवघड करत. स्पर्धकाला काय येतं आणि काय येत नाही हे त्यांनी आधीच चाचपलेलं असे.

या डावपेचांना एका बाईने पुरून उरून दाखवलं. जॉयस ब्रदर्स ही मानसशास्त्रज्ञ मुष्टियुद्ध या विषयावर उत्तरं द्यायला आली. प्रायोजकाला ती नको होती. तिला पाडण्यासाठी आडवळणाचे प्रश्न काढले गेले. तिने मुष्टियुद्धाचे ग्रंथच्या ग्रंथ पाठ केले होते. तिने सगळी उत्तरं बरोबर दिली आणि पूर्ण ६४,००० डॉलर घेऊन गेली. पाडायला निघालेल्यांनाही पुढचं उत्तर काय येईल हे ठाऊक नव्हतं, म्हणून तो खेळ तेवढ्यापुरता खरा राहिला.

१२ सप्टेंबर १९५६ ला एनबीसीवर ‘ट्वेंटी-वन’ सुरू झाला. प्रायोजक होतं जेरिटॉल, थकवा घालवणारं टॉनिक. खेळ पत्त्यांमधल्या एकवीससारखा. प्रश्नांना त्यांच्या अवघडपणानुसार १ ते ११ गुण. आधी २१ गाठेल तो जिंकला. खोलीतल्या स्पर्धकाला समोरच्याचे गुण कळत नसत. बरोबरी झाली की दर गुणामागचे पैसे ५०० डॉलरांनी वाढत. कागदावर हा फार सुरेख खेळ होता.

पहिल्या दिवशी तो प्रामाणिकपणे खेळला गेला आणि सपशेल आपटला. दोन्ही स्पर्धकांना एकामागून एक प्रश्न येईनात. काचेच्या खोलीतली माणसं नुसती ‘माहीत नाही’ म्हणत उभी. दुसऱ्या दिवशी सकाळी प्रायोजकाचा संतापलेला फोन आला: असली रात्र पुन्हा बघायची नाही. एनराइटनेच पुढे सांगितल्याप्रमाणे, त्या क्षणी त्याने ठरवलं की यापुढे काहीही नशिबावर सोडायचं नाही.

खरा निर्माता अशा वेळी काय करतो? प्रश्न पुन्हा तपासतो, निवडचाचणी बदलतो, नियमांत दुरुस्ती करतो. खेळ कुठे अडतो ते शोधण्यात त्याची कसोटी असते. एनराइटकडे ते कसब होतं. विंकी डिंक पडद्यावर आणणाऱ्याला ते जमलं नसतं असं कोण म्हणेल? पण त्याने जवळची वाट धरली.

स्टेम्पेलने कार्यक्रमाला पत्र पाठवलं होतं आणि साडेतीनशेहून अधिक प्रश्नांची निवडचाचणी उत्तम तऱ्हेने पार केली होती. एके संध्याकाळी एनराइट क्वीन्समधल्या त्याच्या घरी आला. बॅगेतून कार्डं काढली आणि एकेक प्रश्न विचारू लागला. येत असलेली उत्तरं ऐकून घेतली, न येणारी सांगून टाकली. नेमके हेच प्रश्न कार्यक्रमात येणार होते. मग त्याने कपड्यांचं कपाट उघडायला लावलं. बरे सूट बाजूला सारून, स्टेम्पेलच्या वारलेल्या सासऱ्यांचा ढगळ सूट बाहेर काढला. गळपट्टी विरलेला सदरा निवडला. केस शिपायासारखे कापायला सांगितलं. मनगटावर एक स्वस्त घड्याळ आलं, ज्याची टिकटिक मायक्रोफोनमधून ऐकू जाईल. सूत्रसंचालक जॅक बॅरीला ‘मिस्टर बॅरी’ म्हणायचं, अदबीने. घाम पुसायचा नाही, रुमालाने हलके टिपायचा. आणि घाम यावा म्हणून काचेच्या खोलीतली थंड हवा बंद केली जाई.

नाटकात नट अशा सूचना घेतो, त्यात काही गैर नाही. पण नाटकाला आलेल्या प्रेक्षकाला नाटक बघतोय हे ठाऊक असतं. इथे माणसाला त्याच्या स्वतःच्याच नावाने, त्याच्या गरिबीचं सोंग देऊन उभं केलं होतं. स्टेम्पेल खरोखर बुद्धिमान होता, चाचणीत ते सिद्ध झालं होतं. त्याला त्याच्या बुद्धीवर जिंकण्या-हरण्याची संधी कोणी दिलीच नाही. मला या सगळ्या प्रकरणातला सर्वांत मोठा अन्याय हाच वाटतो.

काही आठवडे स्टेम्पेल जिंकत राहिला आणि मग प्रेक्षकसंख्या वाढेना. नवा चेहरा हवा होता. एनराइटचा सहकारी अल्बर्ट फ्रीडमन याने व्हॅन डोरेनला गाठलं. त्याला सांगितलं गेलं की स्टेम्पेलला हरवणं प्रामाणिकपणे शक्य नाही, तो लोकांना आवडत नाही, हा शेवटी करमणुकीचा कार्यक्रम आहे. वर असंही, की एक शिक्षक जिंकला तर देशात शिक्षणाचीच शान वाढेल. व्हॅन डोरेनने आधी खरा खेळ खेळू द्या म्हणून पाहिलं आणि अखेर मान तुकवली. उत्तर देताना कुठे थांबायचं, कोणता भाग आधी सोडून मागाहून त्यावर यायचं, कुठे अडखळायचं, हे त्याला शिकवलं गेलं.

‘मार्टी’च्या रात्रीनंतर व्हॅन डोरेन देशाचा लाडका झाला. ११ फेब्रुवारी १९५७ च्या ‘टाइम’च्या मुखपृष्ठावर त्याचं चित्र आलं. ११ मार्चला तो बेल्जियमच्या राजाच्या नावावर हरला, तोवर त्याची कमाई १,२९,००० डॉलर झाली होती. एनबीसीने वर्षाला ५०,००० डॉलरवर त्याला नोकरीत घेतलं. त्याच वर्षी बॅरी आणि एनराइट यांनी आपले कार्यक्रम एनबीसीला वीस लाखांहून अधिक डॉलरांना विकले.

स्टेम्पेलला ४९,५०० डॉलर मिळाले होते. ते थोड्याच दिवसांत संपले. टीव्हीवर काम देण्याचं वचन हवेत विरलं. त्याने तक्रार करायला सुरुवात केली. एनराइटने त्याला कार्यालयात बोलावलं, गोडीगुलाबीने बोलला, आपल्याला कोणतीही उत्तरं दिली गेली नव्हती अशा मजकुराच्या कागदावर त्याची सही घेतली, त्याच्या मनावर उपचार व्हायला हवेत असं सुचवलं, आणि हे सगळं संभाषण गुपचूप ध्वनिमुद्रित करून ठेवलं. स्टेम्पेल वर्तमानपत्रांकडे गेला. पुरावा नाही आणि अब्रूनुकसानीचा दावा होईल, या भीतीने कोणी छापलं नाही. खरं बोलणाऱ्याला वेडा ठरवण्याची पूर्ण तयारी झालेली होती.

वाचा फुटली ती दुसऱ्याच कार्यक्रमातून. मे १९५८ मध्ये ‘डॉटो’ या खेळाच्या पडद्यामागे बदली म्हणून बसवलेल्या एका स्पर्धकाला दुसऱ्या स्पर्धकाची वही दिसली. तिच्यात त्या दिवशीची उत्तरं टिपलेली होती. त्याने पान फाडून घेतलं. ऑगस्टमध्ये ‘डॉटो’ बंद झाला, आणि मग स्टेम्पेलचं म्हणणं वर्तमानपत्रांनी छापलं. ऑक्टोबरमध्ये ‘ट्वेंटी-वन’ही गेला.

मॅनहॅटनचे सरकारी वकील फ्रँक होगन यांनी ग्रँड ज्युरीपुढे चौकशी लावली. दीडशेच्या आसपास साक्षीदार आले आणि त्यांतले बहुतेक शपथेवर खोटं बोलले. शिक्षक, विद्यार्थी, गृहिणी, आयुष्यात कधी कोर्टाची पायरी न चढलेली माणसं. निर्मात्यांनी त्यांना सांगितलं होतं, तोंड उघडू नका. चूक दडवण्यासाठी शंभराच्या घरात साध्या माणसांना गुन्हेगार करून टाकणं, हे मूळ फसवणुकीपेक्षा मला भयंकर वाटतं. त्यातही न्यायाधीशांनी ज्युरीचा अहवाल सीलबंद केला.

तेव्हा वॉशिंग्टनमध्ये काँग्रेसच्या उपसमितीने, अध्यक्ष ओरेन हॅरिस यांच्या पुढाकाराने, १९५९ च्या ऑक्टोबरात सुनावणी सुरू केली. तिथे जेम्स स्नॉडग्रास नावाचा एक चित्रकार हजर झाला. त्याने १९५७ मध्ये फार साधी आणि फार हुशार गोष्ट केली होती. ‘ट्वेंटी-वन’मध्ये जाण्याआधी मिळालेली उत्तरं पत्रात लिहून ती रजिस्टर टपालाने स्वतःलाच पाठवली होती आणि पाकिटं न फोडता ठेवून दिली होती. टपालखात्याच्या शिक्क्याची तारीख कार्यक्रमाच्या आधीची. समितीपुढे पाकीट फोडलं. आत ‘स्नो व्हाइट’मधल्या सात बुटक्यांची नावं होती, आणि कोणत्या नावापाशी थांबायचं, कुठे आठवल्यासारखं करायचं, हेही त्याच्या हातचं लिहिलेलं. टपालाच्या त्या शिक्क्यापुढे कोणाचं काही चालेना.

२ नोव्हेंबरला व्हॅन डोरेनने समितीपुढे सगळं कबूल केलं. विद्यापीठातली जागा गेली, एनबीसीची नोकरी गेली. तो आणि इतर काही स्पर्धक खोट्या साक्षीबद्दल दोषी ठरले. शिक्षा स्थगित झाली. लुई कोवन तोवर सीबीएस टेलिव्हिजनचे अध्यक्ष झाले होते, त्यांना पायउतार व्हावं लागलं. पण प्रश्नमंजूषेत लबाडी केली म्हणून एकाही निर्मात्याला तुरुंग पाहावा लागला नाही, कारण तेव्हा तो गुन्हाच नव्हता. १९६० मध्ये कायदा झाला: बुद्धीच्या किंवा कौशल्याच्या प्रक्षेपित स्पर्धेचा निकाल गुप्त मदतीने ठरवला तर १०,००० डॉलरपर्यंत दंड, एक वर्षापर्यंत कैद, किंवा दोन्ही.

त्या कायद्यामुळे निर्मात्याचं कामच बदललं. कार्यक्रमांची सूत्रं प्रायोजकाच्या हातून वाहिन्यांकडे आली. प्रश्न लिहिणारे आणि स्पर्धक यांची गाठ पडू द्यायची नाही, स्पर्धक स्टुडिओत एकटा फिरणार नाही, कोणता प्रश्नसंच वापरायचा हे बाहेरचा माणूस ठरवेल, वाहिनीचा निरीक्षक चित्रीकरणाला हजर राहील. निर्माता आता उत्तराचा राखणदार झाला. खेळाच्या शेवटी काय होईल हे आपल्यालाही कळणार नाही, याची व्यवस्था करणं हे त्याचं पहिलं कर्तव्य ठरलं.

आणि याच पडझडीतून प्रश्नमंजूषेचा सर्वांत टिकाऊ प्रकार जन्मला. १९६३ मध्ये निर्माता मर्व्ह ग्रिफिन पत्नी ज्युलनबरोबर विमानाने न्यू यॉर्कला परतत होता. प्रश्नमंजूषा काढायची इच्छा होती, पण वाहिन्यांना त्या नावाचीच धास्ती बसलेली. ज्युलन म्हणाली, मग स्पर्धकांना उत्तरंच देऊन टाक, त्यांनी प्रश्न सांगावेत. तिने लगेच एक उत्तर दिलं: ५,२८०. ग्रिफिन म्हणाला, एका मैलात फूट किती? ३० मार्च १९६४ ला ‘जेपर्डी’ सुरू झाला आणि मधले काही खंड सोडले तर आजही चालू आहे. ज्या गोष्टीने अख्खा धंदा बुडवला होता, तीच उघड्यावर आणून नियम केली. निर्मात्याची बुद्धी म्हणतात ती ही, आणि श्रेयात ज्युलनचं नाव आधी घ्यायला हवं.

आपल्याकडे ३ जुलै २००० ला ‘कौन बनेगा करोडपती’ सुरू झालं. रात्री नऊच्या सुमारास आमच्या गल्लीतल्या प्रत्येक खिडकीतून तीच धून येई आणि जेवणं तिच्या वेळेवर होत. ऑक्टोबरमध्ये मुंबईचा हर्षवर्धन नवाथे पहिला करोडपती झाला, तेव्हा मराठी घरांना तो आपलाच मुलगा वाटला. स्पर्धा परीक्षांची पुस्तकं वाचणाऱ्या कितीतरी मुलांना त्या रात्री बळ आलं असेल. त्या कार्यक्रमामागे सिद्धार्थ बसू होते, दूरदर्शनच्या ‘क्विझ टाइम’पासून प्रश्नमंजूषेचं व्रत घेतलेले. पुढे २०१३ मध्ये सचिन खेडेकरांसह ‘कोण होईल मराठी करोडपती’ आलं आणि आपल्या भाषेत विचारलेला प्रश्न किती जवळचा वाटतो हे कळलं. नवाथेच्या उत्तरावर आपण टाळी वाजवली ती ते त्याचं स्वतःचं आहे या भरवशावर. हा भरवसा जगभरच्या प्रश्नमंजूषांना न्यू यॉर्कच्या त्या काचेच्या खोल्यांनंतर नव्याने कमवावा लागला होता.

एनराइटची कारकीर्द मात्र तिथे संपली नाही. अमेरिकेत दारं बंद झाली म्हणून तो कॅनडात गेला आणि तिथे कार्यक्रम काढत राहिला. सत्तरच्या दशकात परतला, बॅरीशी पुन्हा भागीदारी जमली, ‘द जोकर्स वाइल्ड’ आणि ‘टिक टॅक डो’ हे त्यांचे खेळ पुन्हा घरोघरी पाहिले गेले. यावेळी त्यांत लबाडी नव्हती, आणि ते चाललेही. म्हणजे प्रामाणिक खेळ रचून लोकांना बांधून ठेवणं त्याला येत होतं. १९५६ च्या त्या सकाळी, फोन खाली ठेवल्यावरही ते येतच होतं. आयुष्याच्या अखेरीस त्याने कॅमेऱ्यासमोर बसून आपण काय केलं ते सांगितलं. १९९२ मध्ये तो वारला.

व्हॅन डोरेन पुढे एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिकात संपादक झाला आणि अनेक दशकं या विषयावर गप्प राहिला. २०१९ मध्ये, ९३ व्या वर्षी गेला. स्टेम्पेलने न्यू यॉर्क शहराच्या वाहतूक खात्यात नोकरी केली. तो क्वीन्सचाच रहिवासी राहिला. व्हॅन डोरेननंतर एका वर्षाने, एप्रिल २०२० मध्ये, तोही ९३ वर्षांचा होऊन गेला. मृत्युलेखांत त्याच्या नावाशेजारी पुन्हा एकदा ‘मार्टी’चं नाव छापून आलं.